एलिझानं क्लाराला काय विचारलं

अंबुजाक्का,

पोन्नी सकाळी साडेसहाला धावत आली आणि दारातूनच ओरडली की पाट्टी, म्हणजे तू, आजी, उठत नाहीत, हाका मारल्या तरी उठत नाहीत. तुझ्या घरी भांडी घासायला येणारी बाई असं ओरडते म्हणजे काय झालं असेल, ते कळायला मला वेळ लागला नाही. पण मी तुझ्या घराकडे धावले नाही. मी आधी ह्यांच्या तोंडाकडे पाहिलं.

हे झोपाळ्यावर बसून कॉफी पीत होते. त्यांनी पेला खाली ठेवला, "शरी", म्हणजे बरं, एवढंच म्हणाले, खुंटीवरचं उपरणं खांद्यावर टाकलं आणि चपला न घालताच निघाले. रडले नाहीत. मला वाटलं, एवढं रडू कसं आवरतं माणसाला? रडले असते तर वाटलं असतं, एवढं रडायला ही ह्यांची कोण लागून गेली? चपला घालायला विसरले, तेही मी मनात टिपून ठेवलं. असं माझं डोकं आहे, अक्का. पंचेचाळीस वर्षं तू ते ओळखून होतीस.

आज सोळा दिवस झाले. आपल्या तंजावरच्या मराठी लोकांच्या पत्रकासाठी कुणीतरी तुझ्याविषयी चार ओळी मागितल्या होत्या. जन्म कुठला, दिली कुठं, मागे कोण. त्या ह्यांनी लिहून दिल्या. पाठवायच्या आधी मी वाचल्या. त्यात 'प्रेमळ' हा शब्द दोनदा आला होता. एक मी खोडला.

हे मात्र मी तुझ्यासाठी लिहितेय. पुस्तकी मराठीत लिहितेय, कारण वडिलांकडे पोस्टानं येणारी मासिकं वाचून लिहायला शिकले आणि हातात पेन आलं की मला तीच भाषा सुचते. तू असतीस तर म्हणाली असतीस, हें कोण पुण्याची बाई आली आमच्या घरीं! आणि गोड गोड लिहायला मला जमणार नाही. जमलं असतं तरी तुझा त्यावर विश्वास बसला नसता.

तू ह्यांच्या मामाची मुलगी. आपल्यात मामाच्या मुलीवर भाच्याचा हक्क, आणि तिचाही त्याच्यावर. इथले तमिळ लोक त्याला मुरै म्हणतात, आपणही तेच म्हणतो. पाळण्यात होतीस तेव्हापासून तू गोपूची, म्हणजे ह्यांची, हे सगळ्या मेलकावेरीला माहीत होतं. मग तुझं नक्षत्र आश्लेषा निघालं. निघालं म्हणजे काय, जन्मापासून होतंच, पण आश्लेषाची सून सासूच्या मुळावर येते हे ह्यांच्या आईला नेमकं लग्न ठरवायच्या वेळी आठवलं. सख्खी आत्या तुझी! तिनं भाचीला नको म्हटलं आणि तंजावरहून मला आणलं. माझी पत्रिका सोन्यासारखी होती. लग्नाला दीड वर्ष होत नाही तोच सासूबाई गेल्या. कावळा बसायला आणि फांदी मोडायला, दुसरं काय म्हणणार! तोवर तुला तिरुप्पनंदाळला दिलेली होती. तेराव्याला तू जेवायला आलीस. वाढता वाढता मी तुझ्याकडे पाहिलं, तर तू पानातल्या भाताकडे बघून हसलीस. अगदी ओठांच्या कोपऱ्यात. मी ते शपथेवर सांगेन. तू शेवटपर्यंत कबूल केलं नाहीस.

तिरुप्पनंदाळच्या तुझ्या संसाराविषयी मी कधी फारसं विचारलं नाही. तुझे यजमान शाळेत गणित शिकवायचे आणि घरी फार बोलायचे नाहीत, एवढं ऐकून होते. ते गेले. वसंता नोकरीसाठी इटलीला गेली, तोरिनोला. तिचं मूल सांभाळायला म्हणून तू गेलीस ती सात वर्षं तिथंच राहिलीस. तेव्हा मला किती निवांत झोप लागायची म्हणून सांगू! मग पाच वर्षांपूर्वी परत आलीस आणि घर भाड्यानं घेतलंस ते मेलकावेरीत, आमच्याच रस्त्यावर, दोन घरं सोडून. तिरुप्पनंदाळला तुझं स्वतःचं घर होतं. साक्कोट्टैला तुझ्या धाकट्या दिराच्या घराचा वरचा मजला रिकामा होता.

"तेथें बोलायला कोणी नाहीं ग," म्हणालीस.

"होय कीं," मी म्हटलं. मनात म्हटलं, इथं बोलायला कोण आहे ते मला चांगलं ठाऊक आहे.

आणि मग तू ती मालिका घेऊन आलीस.

तोरिनोत दुपारी मूल झोपलं की तू शेजारच्या म्हातारीकडे जाऊन बसायचीस. ती रोज एकच मालिका पाहायची. तिच्याबरोबर बघता बघता तुला इटालियन आलं. शाळेत न जाता, मालिका बघून परकी भाषा शिकलेली बाई मी दुसरी पाहिली नाही. इथं आल्यावर वसंतानं तुझ्या टॅबवर ती मालिका लावून दिली, आणि तू दुपारी तीनच्या सुमारास तो टॅब काखेत मारून आमच्याकडे यायला लागलीस. पितळेच्या डब्याला टेकवून तो उभा करायचीस. मी खाली चटईवर, तू माझ्या शेजारी, आणि हे झोपाळ्यावर पेपर घेऊन. पडद्यावरचे लोक बोलायचे इटालियनमध्ये, तू सांगायचीस मराठीत. बायका वेगळ्या आवाजात, पुरुष वेगळ्या, मोलकरीण नाकात.

गोष्ट तशी साधी होती. शेवयांचा मोठा कारखाना असलेलं एक घराणं. त्यांचा मुलगा मार्चेल्लो. त्याची बायको क्लारा, दुसऱ्या गावाहून आलेली. आणि कारखान्याच्या ऑफिसात काम करणारी एलिझा, जिच्यावर मार्चेल्लोचं लग्नाआधीपासून मन होतं. हे तिघं त्याच स्वयंपाकघरात, त्याच खिडकीपाशी, रोज अर्धा तास. पहिल्या आठवड्यात मला ही मालिका आवडली नाही. तमिळ मालिकेत वाईट बाई कोण ते तिच्या भुवयांवरून कळतं. ती आली की मागे ढोल वाजतात. इथं ढोल नाहीत, भुवया सगळ्यांच्या सारख्या, आणि दोघी बायका चांगल्या. नवऱ्याची जुनी मैत्रीण घरी येते आणि बायको तिला वाढते! तिघं एका टेबलावर बसून जेवतात, भांडतात, आणि भांडण अर्धं टाकून चीज मागतात. तिथं कुणी कुणाला कायमचं सोडत नाही आणि कायमचं धरतही नाही. त्रिकोणाचा एक कोपरा मोडला की दोन महिन्यांत दुसऱ्या कुणीतरी तो भरून काढायचा. मला कळेना, मी संशय घ्यायचा कुणाचा?

"कोणाचाच नको घेऊं," तू म्हणालीस. "सुम्मा बघ."

सुम्मा म्हणजे उगीच, काही मनात न आणता. मला उगीच बघता येत नाही. मी पडद्याकडे कमी आणि ह्यांच्याकडे जास्त बघायला लागले.

कारण काहीतरी जुळत नव्हतं. पडद्यावर मार्चेल्लो पाच मिनिटं हात हलवून बोलायचा आणि तू सांगायचीस, "तो नाहीं म्हणतो." क्लारा नुसतं 'मा नो' म्हणून खुर्चीवर बसली की तुझं पुराण सुरू.

"अक्का, ती इतकेंच म्हणाली?"

"इटालियन तसेंच असतें ग. तोंडानें कमी, हातानें जास्ती."

"पण तिचे हात खिशांत आहेत."

"तर मग डोळ्यानें," तू म्हणालीस आणि पुढे सांगायला लागलीस.

एकदा तू एलिझाच्या तोंडून म्हणालीस, "लहानपणीं तूं मला सायकलीवर बसवून कालव्यापर्यंत नेत होतास." ह्यांचा पेपर हलला. मी पाहिला. एकदा म्हणालीस, "माझ्या लग्नांत तूं जेवला नाहींस," आणि हे खोकले. तुझ्या लग्नात हे जेवले नव्हते हे मला सासूबाईंनी स्वतः सांगितलेलं. मांजर डोळे मिटून दूध पितं तसे हे डोळे मिटून झोपाळ्यावर पडलेले असायचे, आणि मला खात्री होत चालली की ह्या मालिकेच्या आडून माझ्या देखत, माझ्याच घरात, माझ्या हातची कॉफी पिऊन, तू ह्यांना निरोप पाठवतेयस. डोळ्यात तेल घालून बसायचे मी. पकडलं काहीच नाही. तू कधी मान वळवून ह्यांच्याकडे पाहिलं नाहीस. त्यामुळे तर संशय वाढला. न बघायला केवढे कष्ट पडत असतील, नाही का?

तरीही दुपारचे तीन वाजले की मी दाराकडे बघायचे, हेही खरं. सव्वातीन झाले आणि तू आली नाहीस तर कॉफीचं पाणी उतरवून ठेवायचे आणि पुन्हा चढवायचे. तू नाकात बोललीस की मला पोट धरून हसू यायचं. माझ्या स्वतःच्या सख्ख्या बहिणींबरोबर मी इतकी हसले नाही. ज्या बाईवर पाळत ठेवायची तिचीच वाट बघायची, असला तो कारभार होता.

मग एक दिवस तू सांगितलंस, एलिझा ही मार्चेल्लोच्या मामाची मुलगी आहे. इतके दिवस घरानं लपवून ठेवलं होतं. आता उघड झालं आणि सगळे तोंडावर हात ठेवून उभे राहिले. मामाची मुलगी म्हणजे बहीण, तिच्यावर प्रेम! तिथं हे पाप समजतात, असं तू म्हणालीस.

मी उसळलेच. "पाप कसलें? मामाची मुलगी म्हणजे मुरै नव्हे कां? तिचाच हक्क पयला!"

"तेथें तसें नाहीं ग, सुभद्रे."

"तेथें नसेल. न्याय तो न्याय. ती क्लारा कोण? बाहेरून आणलेली. तिला काय ठावकें त्या घरचें? हिला पाळण्यांत असल्यापासून सांगून ठेवलें आणि मग मोडलें, तर तिनें काय करावें? मी असत्यें तर घरांत शिरून बसत्यें!"

पुरे दोन आठवडे मी तुझ्याशी ह्यावरून भांडले. तू क्लाराची बाजू घ्यायचीस. म्हणायचीस, क्लारानं ते घर उभं केलं, सासूचं आजारपण काढलं, पावम्, तिचा काय दोष? पावम् म्हणजे बिचारी. मी म्हणायचे, बिचारी वगैरे काही नाही, जागा दुसरीची आहे, उठावं तिनं. एकदा तर मी ह्यांनाच विचारलं, "तुम्हीच सांगा हो, कोणाचा हक्क?" हे झोपाळ्यावरून उठले आणि झाडांना पाणी घालायला गेले. भर दुपारी, तीन वाजता, उन्हात.

त्यानंतर दुसऱ्या दिवशी मी बाजारात विड्याची पानं घेत होते. बाई पानं पुसून एकावर एक ठेवत होती. मी बघत होते आणि अचानक मला कळलं की बाहेरून आणलेली कोण. उठावं तिनं, असं मी कुणाला म्हणत होते. पानवाली विचारतेय, आणखी देऊं का, आणि माझं लक्षच नाही. शिक्षा मी सुनावली, ती मलाच. साक्षीदार कोण, तर तू आणि हे.

मला वाटलं, तू मला सापळ्यात धरलंस. माझ्या तोंडून वदवून घेतलंस. आता हे हातात धरून तू काय करशील, ह्या विचारानं मी दोन दिवस धड जेवले नाही. पण शब्द मागे घ्यायला गेले असते तर कळलं असतं की मला कळलंय. म्हणून मी गप्प राहिले आणि तिसऱ्या दिवशी नेहमीसारखी चटई घातली.

त्या दिवशीचा तो प्रसंग. एलिझा क्लाराच्या दारात उभी आहे. अंगात तपकिरी कोट, हातात कागदी पिशवी. क्लारानं अर्धंच दार उघडलंय. एलिझा बोलायला लागली आणि तू सांगायला लागलीस, पण त्या दिवशी तू आवाज बदलला नाहीस. पडद्याकडेही बघत नव्हतीस. लुगड्याचा काठ बोटांनी सारखा करत होतीस.

"ती म्हणत्ये, मी तुझा नवरा न्यायला आल्यें नाहीं. फार वर्षें वाटत होतें, माझी जागा तूं घेतलीस. आतां तसें वाटत नाहीं. आतां मी येत्यें ती तुझ्याकरितां येत्यें. तुझ्याशीं बोलल्याशिवाय माझा दिवस जात नाहीं. मी येत जाऊं कां, विचारत्ये ती."

आणि मी, अक्का, मी पडद्याकडे बोट दाखवून ओरडले, "खोटें बोलत्ये! नको ग क्लारा, घेऊं नको तिला आंत! लाव दार!"

"परवांपर्यंत तर तूं एलिझाचाच हक्क म्हणत होतीस," तू म्हणालीस.

"आज तिचें तोंड पाह्यलें. लबाड आहे ती."

तू थोडा वेळ काठ सारखा करत राहिलीस. मी विचारलं, "मग क्लारा काय म्हणाली?"

"तूं म्हणालीस तेंच," तू म्हणालीस. टॅब उचललास. "शरी. येत्यें."

तीन दिवस तू आली नाहीस. चौथ्या दिवशी आलीस ती टॅब न घेता. मालिका संपली म्हणालीस. अशी कशी मधेच संपली, तर म्हणालीस, तिथं असंच संपवतात. मी लगेच समजले. म्हटलं, निरोप पोचले, काम झालं, आता मालिकेची गरज काय! मी ह्यांचा फोनसुद्धा तपासला. त्यात देवळांचे फोटो आणि वीज गेल्याचे संदेश होते. आठ महिने मी हीच गोष्ट मनात चघळत बसले. त्यानंतर तू गेलीसच.

परवा, तेरावा झाल्यावर, वसंता आणि मी तुझ्या घरी कपाट आवरत होतो. पातळांच्या खाली तो टॅब सापडला. मी सहज म्हटल्यासारखं म्हटलं, ती शेवयावाल्यांची मालिका संपली ना ग?

"संपली? नाही मामी, अजून चालू आहे. मी घरी रोज जेवताना लावते."

मी तिला म्हटलं, मला एक भाग दाखव. तपकिरी कोट, पिशवी, दार. तिला शोधायला अर्धा तास लागला. तोवर मी तिला आधीचं विचारून घेतलं. मामाच्या मुलीचं उघडकीला आलं ते कसं? वसंता माझ्याकडे बघायला लागली. कुणाच्या मामाची? एलिझा तर दूर दक्षिणेकडच्या गावची, ऑफिसात टायपिंगला लागलेली, तिचा त्या घराण्याशी काही संबंध नाही. सायकल? नाही. कालवा? मामी, अम्मानं तुम्हाला काय सांगितलं?

मग तो प्रसंग लागला. मी तिला म्हटलं, शब्द न् शब्द सांग, तुझं काही घालू नकोस. एलिझानं क्लाराच्या आईसाठी खोकल्याचं औषध आणलं होतं. ती सांगत होती की उद्या बसवाल्यांचा संप आहे, बाहेर पडायचं असेल तर सकाळी लवकर पडा. बस, एवढंच. त्यात नवरा नाही, जागा नाही, आणि 'येत जाऊं कां' हेही नाही.

"आणि क्लारा?" मी विचारलं. "क्लारा काय म्हणते?"

वसंतानं थोडं मागे घेऊन पुन्हा ऐकलं. "आत ये, म्हणते. पाऊस आहे, भिजशील."

मी तिथून उठले ती थेट घरी आले. हे झोपाळ्यावर होते. मी समोर उभी राहिले आणि पंचेचाळीस वर्षांत पहिल्यांदा सरळ विचारलं, आडून नाही, टोमणा मारून नाही. म्हटलं, अक्का त्या मालिकेतलं सांगतच नव्हती. सगळं मनचं होतं. तुम्हाला ठाऊक होतं?

"ठावकें होतें," हे म्हणाले. "पडद्यावरचीं माणसें हसतायत आणि ही रडकें सांगत्ये. आंधळ्याला देखील कळेल."

"मग बोलला कां नाहीं?"

त्यांनी पेपराची घडी केली. "मला कोठें सांगत होती ती? तुझ्याशीं बोलत होती. मी मध्यें कशाला पडूं?"

काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात तो हा. निरोप होता, माझा संशय खोटा नव्हता. फक्त पत्ता चुकीचा वाचला मी. सायकल, कालवा, न जेवलेलं लग्न, हे तू ह्यांना आठवून देत नव्हतीस. मला सांगत होतीस की तुझं काय होतं आणि काय गेलं. तुझ्या आईला सांगता आलं नाही, आत्याला आलं नाही, गणिताच्या मास्तरांना तर नाहीच. सांगायला जागा मिळाली ती माझी चटई. आणि मामाच्या मुलीचा निवाडा तू माझ्याकडून मागून घेतलास, मी तो तुझ्या बाजूनं दिला, दोन आठवडे ओरडून ओरडून दिला. तो तुझ्या हातात होता तेव्हा तू काय केलंस? माझ्या दारात येऊन विचारलंस, येत जाऊं का.

तुझं ह्यांच्यावर शेवटी काही उरलं होतं का, ते मला आजही कळलेलं नाही. तुझ्या त्या बोलण्यावर मी पूर्ण विश्वास ठेवते असंही नाही. मला तसं येतच नाही. पण उरलं असेल तर असू दे. पाळण्यापासूनचं आहे, ते काय माझ्या पत्रिकेनं पुसलं जाणार होतं? मी निवाडा दिला तो मागे घेत नाही. हक्क तुझा होता. नवरा मी देणार नव्हते, हेही तितकंच खरं आहे, आणि तू मागितला नाहीस ह्याबद्दल मी तुझी ऋणी आहे. जिवंत असताना हे तोंडातून निघालं नसतं.

एक गोष्ट मात्र काल दुपारपासून मला बसू देत नाही. त्या तीन दिवसांनंतर तू परत आलीस तेव्हा हातात दोन लिंबं होती. झाडाला फार लागलीत म्हणालीस. दुसऱ्या दिवशी कढीलिंबाची डहाळी. मग देवळातला प्रसाद. मग वसंतानं पाठवलेला फोटो दाखवायला. मग फोन चार्ज होत नाही म्हणून. त्याआधी चार वर्षं तू सरळ आत यायचीस, हाक न मारता, स्वयंपाकघरापर्यंत. त्यानंतरचे आठ महिने एकही दिवस तू रिकाम्या हातानं आली नाहीस, आणि उंबऱ्याशी थांबून आधी कारण सांगायचीस. मला वाटायचं, काहीतरी लपवतेय ही, नाहीतर रोज कारण कशाला लागतं? गेलीस त्याच्या आदल्या दुपारी तू एक वाटी घेऊन आलीस. "तुझी वाटी राह्यली होती माझ्याकडे," म्हणालीस. मी उलटून पालटून पाहिली. ती आमची नव्हती. तुला तसं म्हटलंही मी.

"होय कां? मग कोणाची असेल?" म्हणालीस आणि उंबऱ्याबाहेरच उभी राहिलीस, वाटी हातात घेऊन, मी काय म्हणते ते बघत.

अंबुजाक्का, येत जा ग. काही आणू नकोस.